अक्षराला सव्वादोन पौंड

लिहितात कायली, म्हणतात कीथली.
अशा गावात आडनाव सांभाळणं सोपं नसतं.

ब्रोन्याबाई आली भावाचं नाव घेऊन,
कोटाच्या आतल्या खिशात, चार घड्यांत.
मी ऑर्डरच्या वहीत लिहिलं: लुदोमिर लेपिकी.
तिनं माझ्या हातातलं पेन काढून घेतलं,
एलच्या पोटातून तिरकी रेघ ओढली,
ईच्या पायाला शेपूट लावलं.
आता वाच, म्हणाली. वेंपित्स्की.

बोटीवरून उतरतानाच धक्क्यावरच्या कारकुनानं
रेघ आणि शेपूट काढून ठेवलं होतं.
मग एकतीस वर्षं लोकरीच्या गिरणीत
रातपाळी केली ती लेपिकीनं.
फोरमनला तेही लांब पडायचं,
तो नुसतं लेन म्हणायचा.

रेघेचे पैसे वेगळे का?
मालकाच्या दरपत्रकात तसलं काही नव्हतं.
मी म्हणालो, आमच्यात काना-मात्रा अक्षरातच धरतात.

मग तिनं ढालीची झेरॉक्स काढली.
घोड्याचा नाल, नालात क्रूस.
मोठे जहागीरदार होता का तुम्ही?
हसली. तीन गाई, एक दलदल,
आणि एक तलवार. नांगर धरताना
ती झाडाला टांगायची, एवढीच जहागीर.
ढाल तरी कुठे आमच्या एकट्यांची,
त्रेचाळीस आडनावांत मिळून एकच नाल.
म्हटलं, म्हणजे देवक.
आम्ही पाथरवट, लग्नात छिन्नी-हातोडी पुजतो.
आणि छिन्नीला किती आडनावं?
कधी मोजली नव्हती.

आठवडाभर पिवळ्या वाळूच्या दगडावर
ढाल उठावात काढत होतो.
क्रूसाचा एक हात कागदावर नव्हता.
वाटलं, झेरॉक्स पुसट आलीय.
नीट मापानं मी तो भरून दिला.

ती आली. चष्मा पुसला. पुन्हा पुसला.
तू आम्हाला माफ केलंस की काय?

मग स्टुलावर बसून तिनं सांगितलं.
कुणा एका वेंपित्स्कीनं बांधावरून
सख्खा भाऊ मारला. राजानं फाशी दिली नाही,
ढालीवरचा हात तोडला,
आणि पुढच्या सगळ्यांना ती तशीच मिरवायला लावली.
खरं-खोटं देव जाणे.
पण घर गेलं, तलवार गेली,
शिक्क्याची अंगठी सायबेरियात दोन पावांना गेली,
आईही तिथेच राहिली.
जो हात नव्हता तो मात्र
कुणाला हिसकावून घेता आला नाही.

काढून टाक, म्हणाली. आमचा नाही तो.

भरलेलं तासताना दगड दगा देतो.
सुरुवात टोकापासून केली,
ढालीची उजवी, म्हणजे माझी डावी.
तिसऱ्या घावाला कपरी उडाली, नालाच्या कडेपर्यंत,
आणि मागून आवाज आला:
हळू. हळू रे.

इंग्रजीत नाही.
माझ्या आजोळच्या हेलात.

मी वळलो नाही, हातोडी धरून थांबलो.
वळिवडं, ती म्हणाली. छावणी. पाच वर्षं.
गवळी म्हणायचा, किटली उचलताना.
बाकीचं विसरले. गूळ आठवतो.

नंतर आम्ही काही बोललो नाही.
ती बघत राहिली आणि मी घासत राहिलो.
हात गेला. तिथला दगड
बाकीपेक्षा जरा फिकट राहिला,
घड्याळ काढलेल्या मनगटासारखा.

मालकानं बिल करताना विचारलं,
जादा कामाचं काय लावू?
मी म्हटलं, चूक माझी.
हे त्याला पटलं. त्यानं अक्षरं मोजली,
तारखा मोजल्या, व्हॅट लावला.

रेघ आणि शेपूट मात्र मी
अक्षरांच्या दुप्पट खोल मारलीत.
या गावात दगडावर लगेच शेवाळ धरतं.
धरेल तेव्हा आधी तिथंच धरेल,
आणि हिरवट झाल्यावर
रस्त्यावरूनही वाचता येईल:
वेंपित्स्की.